कर्ज थकले, लवाद अजून बाकी : कलम ९ खाली अंतरिम सुरक्षा कशी मागावी

फायनान्स कंपनीच्या कायदा विभागात नव्याने रुजू झालेल्यांसाठी आणि थकीत कर्जाचे पहिलेच प्रकरण हातात आलेल्या ज्युनिअर वकिलांसाठी हा लेख आहे. परिस्थिती नेहमीचीच असते. कर्जकरारात लवादाचे कलम आहे, म्हणजे वाद न्यायालयाऐवजी तटस्थ व्यक्तीने, लवादाने, सोडवायचा आहे; हप्ते थकले आहेत, लवाद नेमून निवाडा हातात पडायला वर्ष-दीड वर्ष सहज जाणार आहे, आणि तोवर कर्जदाराकडे काही उरेल की नाही याची खात्री नाही. अशा वेळी लवाद व समेट कायदा, १९९६ मधले कलम ९ कामाला येते. लवाद सुरू होण्यापूर्वी, तो चालू असताना, किंवा निवाडा झाल्यावर पण अंमलबजावणी होण्याआधी, वादातली रक्कम सुरक्षित करून द्या अशी मागणी या कलमाखाली न्यायालयाकडे करता येते.

एक गोष्ट आधीच पक्की करून ठेवा, कारण फेटाळले गेलेले बरेचसे अर्ज इथेच घसरलेले असतात. हप्ता थकला हे दाखवल्याने लवादात निवाडा मिळेल, पण तेवढ्यावर अंतरिम सुरक्षा मिळणार नाही. त्यासाठी निवाडा येईपर्यंत पैसा हातातून निसटणार आहे हे तारीखवार दाखवावे लागते. पुढची सगळी तयारी याच एका मुद्द्यासाठी आहे.

पहिले काम : ही वाट तुमची आहे का?

तुम्ही बँक असाल आणि येणे २० लाख रुपये किंवा त्याहून जास्त असेल, तर तुमची जागा कर्जवसुली न्यायाधिकरण, म्हणजे डीआरटी. डीआरटीच्या कक्षेतले दावे लवादापुढे नेता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने विद्या द्रोलिया प्रकरणात २०२० मध्ये स्पष्ट केले. म्हणून कलम ९ चे कर्जाचे अर्ज मुख्यतः बिगरबँक वित्त कंपन्यांचे, ज्यांना सगळे एनबीएफसी म्हणतात त्यांचे, आणि लहान रकमेच्या कर्जांचे असतात.

महाराष्ट्रातल्या पतसंस्थांसाठी वाट वेगळी आहे. राज्याच्या सहकार कायद्याखाली नोंदलेली संस्था असेल तर कलम १०१ चा वसुली दाखला किंवा कलम ९१ खाली सहकार न्यायालय, आणि निवाड्यापूर्वीच्या जप्तीसाठी त्याच कायद्याचे कलम ९५. बहुराज्य संस्था असेल तर २००२ च्या कायद्याचे कलम ८४ तुम्हाला लवादाकडेच नेते. संस्थेचा नोंदणी दाखला पाहिल्याशिवाय मसुदा लिहायला घेऊ नका.

स्थावर गहाण असेल तर आणखी एक भेद लक्षात ठेवा. गहाण मालमत्ता विकून वसुली करून द्या ही मागणी लवादात चालत नाही, बूझ ॲलन प्रकरणात २०११ पासून हे ठरलेले आहे. पैशाचा दावा मात्र चालतो. शिवाय सरफेसी कायद्याखालची, म्हणजे न्यायालयात दावा न लावता तारण ताब्यात घेऊन विकण्याची, कारवाई आणि लवाद या दोन्ही गोष्टी एकाच वेळी चालू शकतात, असे एम. डी. फ्रोझन फूड्स प्रकरणात २०१७ मध्ये ठरले. ज्या फायनान्स कंपनीला सरफेसी लागू आहे तिने गहाणाची बाजू तिकडे सांभाळावी आणि बाकीच्या रकमेसाठी इकडे यावे.

दुसरे काम : फाइल स्वतः वाचा

शाखेकडून आलेला सारांश वाचून अर्ज लिहू नका. मूळ करार मागवा आणि लवादाचे कलम शब्दन् शब्द वाचा. लवादाचे स्थळ कोणते लिहिले आहे? बहुतेक वेळा त्या स्थळावरचे न्यायालय हेच तुमचे न्यायालय. जामीनदाराने त्याच करारावर सही केली आहे, की त्याचे जामीनपत्र वेगळे आहे? वेगळे असेल तर त्यातही लवादाचे कलम आहे का? हे न पाहता जामीनदाराला सामनेवाला (विरुद्ध पक्षकार) केले की पहिल्याच तारखेला हरकत येते. करार पुरेशा मुद्रांकावर नाही म्हणून घाबरू नका. तो दोष भरून काढता येतो आणि त्यामुळे लवादाचे कलम रद्दबातल ठरत नाही, असे सात न्यायाधीशांच्या पीठाने डिसेंबर २०२३ मध्ये सांगितले आहे. तरीही मुद्रांक शुल्क भरण्याची तजवीज लगेच सुरू केलेली बरी.

खातेउतारा हा या फाइलमधला सर्वांत नाजूक कागद. न्यायाधीश आकडा पाहतात आणि तो कसा आला ते विचारतात. मुद्दल, व्याज, दंडात्मक शुल्क, चेक परतीचे शुल्क हे सगळे वेगवेगळ्या रकान्यांत दाखवा. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने दंडव्याज बंद करून त्या जागी दंडात्मक शुल्क आणले आणि ते मुद्दलात मिळवायला मनाई केली. उताऱ्यात अजून जुन्या पद्धतीची आकारणी दिसत असेल तर ती आधी दुरुस्त करून घ्या. ४० लाखांच्या मागणीत चुकीची दोन लाखांची भर असेल, तर सामनेवाल्याचा वकील अर्धा तास त्या दोन लाखांवरच बोलतो आणि उरलेल्या ३८ लाखांवरचा विश्वासही डळमळतो.

कर्ज ॲपवरून दिलेले असेल, करार ओटीपीने झालेला असेल, तर भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ चे प्रमाणपत्र जोडा. त्याचे दोन भाग आहेत. पहिल्या भागावर नोंदी सांभाळणाऱ्याची सही लागते, दुसऱ्यावर तज्ज्ञाची, आणि हॅश व्हॅल्यू, म्हणजे फाइल बदललेली नाही हे दाखवणारा अंक-अक्षरांचा संकेत, लिहावी लागते. पहिलाच भाग जोडून अर्ज दाखल झाल्याचे सर्रास दिसते.

कर्ज परत मागणारी नोटीस, तिची पोचपावती, कर्जदाराची उत्तरे, ईमेल आणि व्हॉट्सॲप संदेश हे सगळे तारखेप्रमाणे लावा. त्यात ‘पुढच्या महिन्यात नक्की भरतो’ असा एखादा संदेश सापडला किंवा सही केलेले शिल्लक-पुष्टीपत्र सापडले, तर ते वेगळे काढून ठेवा. येणे कबूल आहे हे दाखवणारा कागद कलम ९ मध्ये फार मोलाचा असतो. मुंबई उच्च न्यायालयाने जगदीश आहुजा विरुद्ध क्युपिनो या २०२० च्या निकालात, रक्कम कबूल असेल किंवा तिच्यावर खरी हरकतच नसेल तेव्हा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या जप्तीच्या नियमांत न अडकताही सुरक्षा देता येते, असे म्हटले आहे.

तिसरे काम : मालमत्ता शोधा

‘सामनेवाल्याच्या सर्व मालमत्तेवर मनाई द्या’ ही मागणी आळसातून येते, आणि तसा हुकूम मिळालाच तरी बजावायला काही हाती नसते. सातबारा आणि मालमत्ता पत्रक काढा. नोंदणी विभागाच्या ई-सर्चवर सूची क्रमांक २ पाहा. गेल्या वर्षभरात कोणते दस्त झाले ते तिथे दिसते. वाहन असेल तर परिवहन खात्याच्या वाहन पोर्टलवर मालक आणि बोजा तपासा. कंपनी असेल तर कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या संकेतस्थळावरून बोजांची नोंद आणि शेवटचा ताळेबंद घ्या. सरसाई या तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतही शोध घ्या. तुमच्याआधी कोणाचे तारण आहे हे तुम्हाला न्यायालयात पहिल्यांदा कळता कामा नये.

कर्जदाराचे बँक खाते क्रमांक तुमच्याच फाइलमध्ये असतात. हप्त्याचे मँडेट (खात्यातून हप्ता कापण्याची परवानगी), कर्ज वितरणाचे खाते, अर्जासोबत दिलेली स्टेटमेंट पाहा. त्याच स्टेटमेंटमध्ये त्याला नियमित पैसे देणारे ग्राहक कोण आहेत तेही सापडते. हे देणेदार पुढे उपयोगी पडतात.

याच टप्प्यावर राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाच्या, म्हणजे एनसीएलटीच्या, संकेतस्थळावर कंपनीचे नाव टाकून बघा. दिवाळखोरी संहितेखाली अर्ज दाखल करून घेतला गेला असेल तर कलम १४ ची स्थगिती लागते आणि तुमचा लवाद, तुमचे कलम ९, दोन्ही तिथल्या तिथे थांबतात. मग दाव्याचा फॉर्म भरून समाधान व्यावसायिकाकडे, म्हणजे दिवाळखोरीची प्रक्रिया चालवणाऱ्या व्यक्तीकडे, जायचे.

चौथे काम : पैसा निसटतो आहे हे दाखवा

इथे थोडा कायदा समजून घ्यावा लागेल, कारण सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल एकाच महिन्यात, सप्टेंबर २०२२ मध्ये, आले आणि ते वेगवेगळ्या दिशेने बोलतात.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३८ नियम ५ मध्ये निकालापूर्वीच्या जप्तीची अट आहे. हुकूमनाम्याच्या बजावणीत अडथळा यावा किंवा ती लांबावी या हेतूने प्रतिवादी मालमत्ता विकणार आहे किंवा न्यायालयाच्या हद्दीबाहेर नेणार आहे, असे दिसले पाहिजे. रमण टेक प्रकरणात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावले की हा नियम विनातारण कर्ज तारणी करून घेण्यासाठी नाही. कलम ९ ला ही अट जशीच्या तशी लागते का, हा वाद त्यानंतर चालूच राहिला. एस्सार हाउस प्रकरणात न्यायालय म्हणाले की कलम ९ चे अधिकार व्यापक आहेत; प्रथमदर्शनी बळकट बाजू असेल आणि मालमत्ता घटण्याची दाट शक्यता असेल, तर संहितेतल्या प्रत्येक अटीची पूर्तता दाखवली नाही म्हणून हात आखडता घेऊ नये. त्यानंतर पंधरा-सोळा दिवसांतच संघी इंडस्ट्रीज प्रकरणात दुसऱ्या पीठाने सांगितले की नियम ५ च्या अटी पुऱ्या झाल्याशिवाय रक्कम जमा करण्याचा हुकूम देता येणार नाही. दोन्ही पीठे दोन-दोन न्यायाधीशांची.

माझा सल्ला असा : अर्ज संघीच्या मापाने लिहा आणि युक्तिवाद एस्सारपासून सुरू करा. म्हणजे कडक मापाने पाहणारे न्यायाधीश असले तरी अर्ज टिकतो. फक्त एस्सारच्या भरवशावर लिहिलेला अर्ज समोरच्याने संघी वाचून दाखवला की उघडा पडतो.

आता प्रत्यक्ष लिखाण. खालचा परिच्छेद दर दुसऱ्या अर्जात सापडतो :

‘सामनेवाले हे आपली मालमत्ता विल्हेवाट लावण्याच्या बेतात असून तसे झाल्यास अर्जदाराचे कधीही भरून न येणारे नुकसान होईल.’

यात एकही तारीख नाही, एकही मालमत्ता नाही आणि हे कुठून कळले ते नाही. याच जागी असे लिहिता आले पाहिजे :

‘मागणी नोटीस सामनेवाला क्र. १ यांना दि. ३ मार्च रोजी मिळाली. त्यानंतर नवव्या दिवशी, दि. १२ मार्च रोजी, त्यांनी आपल्या नावावरील औद्योगिक गाळा बक्षीसपत्राने पत्नीच्या नावे करून दिला. दस्ताची सूची क्रमांक २ निशाणी ‘ह’ वर आहे. दि. २० मार्च रोजी त्यांनी हप्त्याचे मँडेट रद्द केले. बँकेचा संदेश निशाणी ‘ळ’ वर आहे. दि. २८ मार्च रोजी अर्जदाराच्या अधिकाऱ्याने कारखान्याला भेट दिली असता तारणातील दोन यंत्रांपैकी एक जागेवर नव्हते. छायाचित्रे व भेटीचा अहवाल निशाणी ‘क्ष’ वर आहे.’

दुसरा परिच्छेद वाचताना न्यायाधीशांच्या मनात तारखांची साखळी आपोआप तयार होते. नोटीस आली आणि हालचाल सुरू झाली, हे तुम्हाला वेगळे सांगावे लागत नाही. साखळीत बसू शकणाऱ्या आणखी काही गोष्टी : जीएसटी नोंदणी रद्द करून घेणे, संचालकांनी एकापाठोपाठ राजीनामे देणे, त्याच पत्त्यावर घरच्यांच्या नावाने नवी कंपनी निघणे, ग्राहकांचे पैसे अचानक दुसऱ्या बँकेतल्या खात्यात वळवणे, फ्लॅट विक्रीची जाहिरात. प्रत्येक गोष्टीला कागद हवा. ‘विश्वसनीय सूत्रांकडून समजते’ या वाक्याने काहीही सिद्ध होत नाही.

आणि हेही मनापासून सांगावेसे वाटते : धंदा बसला, ऑर्डर गेली, घरात आजारपण आले म्हणून हप्ते थकलेल्या माणसाबद्दल असला परिच्छेद ओढूनताणून लिहू नका. नुसती ओढगस्त हा अंतरिम सुरक्षेचा आधार होत नाही. अशा ठिकाणी हप्ते पुन्हा बांधून देण्याची बोलणी लवकर सुरू केली तर पैसेही लवकर येतात.

पाचवे काम : नेमके काय मागायचे

मागण्या चढत्या क्रमाने लावा, म्हणजे सर्वांत मोठी नाकारली तरी हातात काही राहते. पहिली मागणी मालमत्तेची माहिती शपथपत्रावर उघड करण्याची. ही सहसा मिळते आणि तिची किंमत नवख्यांना कळत नाही. त्या शपथपत्रात खोटे लिहिले तर परिणाम भोगावे लागतात, म्हणून लोक सांभाळून लिहितात, आणि तुमच्या शोधात न सापडलेली मालमत्ता तिथे सापडते. दुसरी मागणी परिशिष्टात वर्णन केलेली मालमत्ता विकू नये, गहाण टाकू नये, तिच्यावर तिसऱ्याचा हक्क निर्माण करू नये, याची. तिसरी, ठरावीक बँक खात्यात ठरावीक रक्कम राखून ठेवण्याची. रोजचा पगार आणि कच्च्या मालाचे पैसे अडतील अशी सगळी खाती गोठवायला सांगू नका. त्याने धंदा मरतो आणि तुमची वसुलीही त्याबरोबर जाते. चौथी, रक्कम न्यायालयात जमा करण्याची किंवा बँक गॅरंटी देण्याची. ही सर्वांत जड, आणि संघीची कसोटी खरी इथेच लागते.

वाहन, यंत्र, साठा असे हायपोथिकेशनखालचे, म्हणजे कर्जदाराच्याच ताब्यात राहणारे, तारण असेल तर गोष्ट बरीच सोपी होते. त्या वस्तूवर करारानेच तुमचा हक्क आहे, त्यामुळे विनातारण कर्ज तारणी करून मागता आहात असे कोणी म्हणू शकत नाही. तिथे कलम ९ खाली वस्तू जपून ठेवणे, तपासणी आणि रिसीव्हर, म्हणजे न्यायालयाच्या वतीने वस्तू ताब्यात घेणारी व्यक्ती, मागा. मुंबई उच्च न्यायालयात कोर्ट रिसीव्हरचे स्वतंत्र कार्यालय आहे. इतरत्र न्यायालय वकिलाला किंवा कधी तुमच्या अधिकाऱ्याला रिसीव्हर नेमते. हुकुमात पंचनामा, यादी, छायाचित्रे आणि गरज पडल्यास पोलिसांची मदत हे स्पष्ट लिहून घ्या. विक्रीसाठी न्यायालयाची वेगळी परवानगी लागते.

चालू कारखान्याचे यंत्र असेल तर मी आधी वेगळी तोड सुचवीन. रिसीव्हरने कागदोपत्री ताबा घ्यावा आणि कर्जदारालाच आपला एजंट म्हणून यंत्र वापरू द्यावे, दरमहा ठरलेली रक्कम भरण्याच्या अटीवर. मुंबईत ही पद्धत रुळलेली आहे. यंत्र चालू राहते, कामगारांचा रोजगार टिकतो, आणि गोदामात गंज खात पडलेल्या यंत्राचा लिलाव करून जे मिळाले असते त्यापेक्षा जास्त हाती येण्याचा संभव असतो.

हुकूम नसताना वसुलीची माणसे पाठवून गाडी उचलू नका. प्रकाश कौर प्रकरणात २००७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वसुलीसाठी दांडगाई करणाऱ्यांवर कडक ताशेरे ओढले आहेत, आणि अशी एक घटना तुमचा कलम ९ चा चांगला अर्जही नासवते.

काही गोष्टी मागायच्याच नाहीत. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० ने जप्तीतून वगळलेल्या वस्तू, जसे कारागिराची हत्यारे, भविष्य निर्वाह निधी, शेतकऱ्याचे राहते घर. शेतकऱ्याच्या ताब्यातले शेतीउत्पन्न निकालापूर्वी जप्त करता येत नाही, हे आदेश ३८ नियम १२ मध्ये लिहिलेले आहे. पगारातूनही पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सोडावे लागतात.

सहावे काम : अर्ज दाखल करणे

कर्जाचा वाद व्यापारी स्वरूपाचा असेल आणि मूल्य ३ लाख रुपयांहून कमी नसेल, तर जिल्ह्यात तो व्यापारी न्यायालयाकडे जातो. मुंबई शहराच्या प्रकरणात उच्च न्यायालयाची मूळ शाखा येऊ शकते. दाखल करण्याआधी रजिस्ट्रीकडून नक्की करून घ्या. एका करारातून एका न्यायालयात पहिला अर्ज गेला की लवाद कायद्याच्या कलम ४२ प्रमाणे पुढचे सगळे तिथेच जावे लागते, म्हणून घाईत भलत्याच न्यायालयात शिरू नका. समोरच्याने कॅव्हेट, म्हणजे आपल्याला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नये असा अर्ज, टाकले आहे का तेही पाहा.

एकतर्फी हुकूम हवा असेल तर नोटीस दिल्याने हेतूच कसा फसेल ते वेगळ्या परिच्छेदात सांगा. आणि मग सगळे उघड करा. समोरच्याने दिलेला तडजोडीचा प्रस्ताव, मध्येच भरलेले दोन हप्ते, चालू असलेली सरफेसी कारवाई, चेकचा खटला, आधी कुठे फेटाळला गेलेला अर्ज. तुमच्या विरुद्ध जाणारे कागदही तुम्हीच जोडा. एकतर्फी हुकूम मागणाऱ्याने काही लपवले असे पुढच्या तारखेला निघाले, तर बाजू कितीही खरी असो, हुकूम उठतो, आणि त्या न्यायालयात तुमच्या पुढच्या अर्जाकडेही संशयाने पाहिले जाते.

सातवे काम : हुकूम मिळाल्याच्या दिवशी

हुकूम झाला की लोक सुटकेचा निःश्वास टाकतात आणि प्रमाणित प्रत आली की बघू म्हणतात. तेवढ्यात खाते रिकामे होते. संकेतस्थळावर हुकूम चढताच तो सामनेवाल्याला ईमेलने, स्पीड पोस्टने आणि शक्य तर समक्ष पोहोचवा. बँकेच्या ज्या शाखेत खाते आहे तिथे खाते क्रमांकासह पत्र द्या आणि शिक्का मारलेली प्रत परत घ्या. जमीन किंवा गाळा असेल तर दुय्यम निबंधकाला हुकुमाची प्रत द्या, आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कात किंवा मालमत्ता पत्रकावर नोंद घेण्यासाठी अर्ज करा. वाहन असेल तर आरटीओला कळवा. हाउसिंग सोसायटीतली सदनिका असेल तर सोसायटीच्या सचिवालाही, कारण हस्तांतराचे कागद शेवटी त्यांच्याकडेच येतात.

हे का करायचे? मालमत्ता जप्त झाली असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६४ मुळे नंतरचा खाजगी व्यवहार तुमच्याविरुद्ध टिकत नाही, आणि मनाई मोडली तर आदेश ३९ नियम २-अ खाली मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगवास होऊ शकतो. पण विकत घेणाऱ्या तिसऱ्या माणसाला काही माहीतच नव्हते अशी स्थिती आली की पुढे वर्षानुवर्षे भांडत बसावे लागते. चार कार्यालयांतल्या चार पोचपावत्या तो सगळा त्रास वाचवतात.

आठवे काम : ९० दिवस

लवाद सुरू होण्याआधी हुकूम मिळाला असेल तर कलम ९(२) प्रमाणे हुकुमाच्या तारखेपासून ९० दिवसांत, किंवा न्यायालयाने वाढवून दिलेल्या मुदतीत, लवादाची कार्यवाही सुरू झाली पाहिजे. ती सुरू कधी होते? कलम २१ सांगते की लवादाकडे जाण्याची मागणी करणारी नोटीस समोरच्याला मिळते त्या दिवशी. नोटीस पाठवल्याचा दिवस इथे उपयोगाचा नाही. म्हणून ८५ व्या दिवशी स्पीड पोस्ट करून स्वस्थ बसू नका. मी तर म्हणेन, हुकूम मिळाला त्याच आठवड्यात कलम २१ ची नोटीस जाऊ द्या. हुकूम टिकवण्यासाठी याहून स्वस्त उपाय नाही.

लवाद नेमताना जुन्या सवयीने कंपनीने स्वतःच नाव ठरवून पाठवू नये. करारात तसे लिहिलेले असले तरी. पर्किन्स ईस्टमन प्रकरणाने २०१९ मध्ये एकतर्फी नेमणुकीचा पाया काढून घेतला, आणि अशा नेमणुकीतून आलेले निवाडे अंमलबजावणीच्या वेळी पडतात. दोघांनी वाद उद्भवल्यानंतर लेखी संमती द्यावी, किंवा कलम ११ खाली उच्च न्यायालयाकडून नेमणूक करून घ्यावी.

लवाद न्यायाधिकरण बसले की कलम ९(३) मुळे न्यायालय सहसा नवा अर्ज घेत नाही. मग अंतरिम मागण्या कलम १७ खाली लवादापुढेच करायच्या, आणि त्याचा हुकूम न्यायालयाच्या हुकुमासारखाच बजावता येतो. मात्र न्यायालयाने आधीच तुमचा अर्ज ऐकायला घेतला असेल तर तो तिथेच पुरा होऊ शकतो, असे आर्सेलर मित्तल विरुद्ध एस्सार बल्क टर्मिनल या २०२१ च्या निकालात आहे. कलम ९ चा हुकूम मिळो की नाकारला जावो, कलम ३७ खाली अपील आहे.

या सुरक्षेची मर्यादा

वरिष्ठांना अहवाल देताना ‘आपण आता सुरक्षित आहोत’ असे लिहू नका. निकालापूर्वीच्या जप्तीने मालमत्ता जागच्या जागी राहते, पण तुम्ही तारणधारक होत नाही. आदेश ३८ नियम १० प्रमाणे जप्तीपूर्वीचे तिसऱ्यांचे हक्क कायम राहतात. आधीचे गहाण तुमच्या पुढेच राहते, आणि दुसऱ्या कोणाच्या हातात हुकूमनामा असेल तर तो तीच मालमत्ता विकून मागू शकतो. कंपनी दिवाळखोरीत गेली तर जप्त मालमत्ता सगळ्या धनकोंच्या पंक्तीत जाते. वैयक्तिक जामीनदाराने किंवा त्याच्याविरुद्ध कोणी दिवाळखोरीचा अर्ज केला तर दिवाळखोरी संहितेच्या कलम ९६ ची अंतरिम स्थगिती अर्ज दाखल होताच लागते. न्यायालयात जमा झालेली रोकड किंवा बँक गॅरंटी यांची स्थिती जप्तीपेक्षा भक्कम, म्हणून समोरचा ‘जप्ती उठवा, मी गॅरंटी देतो’ म्हणाला तर बहुधा हो म्हणावे. आदेश ३८ नियम ९ त्याला तो मार्ग देतोच.

नोटीस तुमच्या हातात आली असेल तर

हा लेख वाचणाऱ्यांत कर्जदार आणि जामीनदारही असतील, म्हणून थोडक्यात. तारखेला हजर राहा. गैरहजेरीत एकतर्फी हुकूम कायम होतो. मालमत्तेचे शपथपत्र खरे भरा. उताऱ्यातला चुकीचा आकडा दाखवून द्या, पण कबूल असलेली रक्कम कबूल करा आणि ती कशी भरणार ते वेळापत्रकासह लिहा. पगाराचे आणि धंद्याचे खाते मोकळे ठेवावे यासाठी वेगळी विनंती करा, सोबत गेल्या सहा महिन्यांचा खर्च दाखवा. लवाद ९० दिवसांत सुरू झाला नाही तर हुकूम उठवण्याचा अर्ज करा.

कर्ज फिटल्यावर

तडजोड झाली, पैसे आले आणि फाइल बंद झाली तरी धनकोचे एक काम उरते, आणि ते बहुतेक जण करत नाहीत. न्यायालयात सहमतीचे टिपण दाखल करून अंतरिम हुकूम उठवून घ्या. मग तो उठवल्याची प्रत, पहिली प्रत दिली होती त्याच प्रत्येक ठिकाणी द्या : बँक, दुय्यम निबंधक, तलाठी किंवा सिटी सर्व्हे, आरटीओ, सोसायटी. सातबाऱ्यावरची नोंद कमी करण्याचा फेरफार आपणहून होत नाही. त्यासाठी अर्ज द्यावा लागतो आणि तो मंजूर झाल्याची खात्री नवा उतारा काढूनच करायची. तो उतारा कर्जदाराला ना-हरकत दाखल्यासोबत द्या.